दगडूची तिथी

पौष लागला की माझा मोबाइल हुरड्याने भरून जातो. कुणाच्या शेतात हुरडा पार्टी, कुणाकडे चुलीवरचं जेवण, बैलगाडीतून फेरी, वर पोरांसाठी झोके. फोटो तर विचारूच नका. जालन्यात राहून ज्याला पौषात एकही आमंत्रण आलं नाही, त्याने आपलं काय चुकलं हे जरा शोधावं. मला येतात. निवृत्त मास्तर गप्पांना बरा, असा एक समज आहे. मी जातो, आगटीभोवती बसतो, धूर डोळ्यांत गेला की जागा बदलतो, बोरं खातो, ताक पितो. हुरडा मात्र खात नाही. लोकांना वाटतं मला शुगर आहे. मीही मान डोलावतो आणि म्हणतो, "डॉक्टरांनी मना केलंय." डॉक्टरांनी असलं काही सांगितलेलं नाही. खोटं बोलायची मला जुनी सवय आहे आणि ती अशाच एका पौषात लागली.

तेव्हा मी पंचवीस वर्षांचा होतो. भोकरदनजवळच्या एका गावात हायस्कूलला मराठी शिकवायला लागून जेमतेम दीड वर्ष झालं होतं. थंडी अशी की पहिल्या तासाला मुलं हात काखेत घालून बसायची आणि 'लिहा' म्हटलं की एकमेकांच्या तोंडाकडे बघायची. शाळेच्या मागच्या भिंतीपासूनच ज्वारीची रानं सुरू व्हायची. दाणा दुधातून जरा वर आला, की दुपारनंतर निम्मा वर्ग रिकामा. हजेरीला मी नाव पुकारायचो आणि मागून कुणीतरी सांगायचं, "हुरड्याला गेला." त्यांना रागवायचं असतं हे मला ठाऊक होतं, पण वाऱ्यावर भाजलेल्या कणसांचा वास वर्गात यायचा आणि माझंच लक्ष फळ्यावर नसायचं.

ह्याच दिवसांत शाळेचं हस्तलिखित निघे. आता ते सांगावं लागतं. छापायची सोय नसलेल्या शाळा वर्षातून एकदा जाड कागदांवर मुलांच्या कविता, गोष्टी, चित्रं असं सगळं हाताने लिहून एक अंक बांधायच्या. एकच प्रत. सव्वीस जानेवारीला पाहुण्यांच्या हस्ते तिचं प्रकाशन व्हायचं, त्यातला एखादा लेख स्टेजवर वाचला जायचा आणि मग ती प्रत मुख्याध्यापकांच्या कपाटात जायची. माझं अक्षर चांगलं. अक्षर चांगलं असलं की माणसाला आपलं सगळंच चांगलं आहे असं वाटायला लागतं, आणि मला तर ते जरा जास्तच वाटत होतं. मी संपादक झालो. मुख्याध्यापक म्हणाले, "सर, यंदा काहीतरी दमदार येऊ द्या. गावात तो फौजी म्हातारा आहे ना, त्याला गाठा."

फौजी म्हातारा म्हणजे लिंबाजी आबा. साठी ओलांडलेले, अंगाने काटक, डोक्याला मळका पटका. आमचा हा सगळा मुलूख निजामाचा होता तेव्हा ते निजामाच्या पलटणीत भरती झाले. दुसऱ्या महायुद्धात पलटण सिंगापूरच्या बाजूला गेली, जपान्यांच्या हाती सापडली, आणि आबा कैदी म्हणून कुठल्याशा बेटावर नेले गेले. बेटाचं नाव त्यांना तेव्हाही ठाऊक नव्हतं आणि नंतरही कळलं नाही. लढाई संपल्यावर परत आले. गाव त्यांना फौजी म्हणायचं, पण फौजेतली एकही गोष्ट त्यांनी कुणाला सांगितली नव्हती. गावाला त्यांच्याबद्दल एकच गोष्ट माहीत होती, ती म्हणजे ते कुणासमोर जेवत नाहीत. लग्नाच्या पंगतीतही पत्रावळ घेऊन भिंतीकडे तोंड करून बसत. लोक हसत. मीही हसलो होतो.

पहिल्या दिवशी मुख्याध्यापकही सोबत आले. आबा शेताच्या बांधावर आगटीपाशी गवऱ्या रचत होते.

"आझाद हिंदमधले का हो तुम्ही?" मुख्याध्यापकांनी मोठ्या आशेने विचारलं.

"न्हाई साहेब. मी निस्ता कैदी."

मुख्याध्यापकांचा चेहरा पडला. पाच मिनिटं बसून ते उठले आणि जाताना माझ्या कानाशी म्हणाले, "बघा, काही करता आलं तर."

मी बसून राहिलो. आबांनी बराच वेळ माझ्या वहीकडे पाहिलं. मग विचारलं, "गुरुजी, लिव्हलेलं ऱ्हातं का?"

"शंभर वर्षं राहतं," मी म्हणालो.

"मंग ल्ह्या."

त्यानंतरच्या दहाएक दुपारी माझ्या आयुष्यातल्या फार चांगल्या दुपारी होत्या. हे म्हणताना आज तोंड कडू होतं, पण होत्या. शाळा सुटली की मी वही घेऊन बांधावर जायचो. ऊन तिरपं झालेलं असायचं. आबा निवडून कणसं आणायचे, आगटीतल्या राखेत खुपसायचे आणि गरम कणीस तळहातावर चोळून, फुंकर मारून, हिरवे दाणे माझ्या हातावर ठेवायचे. गूळ, जवसाची चटणी, कधी दही. मी खायचो, ते सांगायचे, मी लिहायचो. स्वतः ते एक दाणाही माझ्यासमोर तोंडात टाकत नसत. त्या वहीच्या पानांवर अजून काजळीचे ठसे आहेत, अंगठ्याचा ठसा तर इतका स्वच्छ की सरकारी कागदावर चालावा.

त्यांचं सांगणं मला वाटलं होतं तसं नव्हतं. "लढाई म्हंजी चालनं, गुरुजी. वझं घिऊन चालनं. गोळ्या म्या सगळ्या मिळून अकरा मारल्या. कुनाला लागली का न्हाई, देव जानं." शरण गेले त्या दिवसाबद्दल म्हणाले, "हात वर केले तव्हा पैलं काय मनात आलं सांगू का? बरं झालं, आता बसाया मिळंल." कैदेबद्दल म्हणाले, "पैले बूट गेले. मंग मीठ गेलं. मिठाबिगर मानूस येडं व्हतं. पाला खाल्ला, गोगलगाई खाल्ल्या, पट्ट्याचं कातडं शिजवून खाल्लं. भात रोज एक मूठ. मंग अर्धी मूठ." मी सगळं लिहून घेत होतो आणि मनात म्हणत होतो, ह्यात स्टेजवर वाचण्यासारखं काय आहे?

दगडू ह्या सांगण्यात चौथ्या की पाचव्या दिवशी आला. तो मंठ्याकडचा. पलटणीत बाकी कुणी तेलंगी, कुणी कानडी. आपल्या बोलीत बोलायला आबांना तो एकटाच. घरी बायको गयाबाई, निघाला तेव्हा ती पोटुशी. भूक फार झाली की हा दगडू तिथे बेटावर बसून रिकामे तळहात एकमेकांवर चोळायचा, फुंकर मारायचा आणि समोरच्याच्या हातावर ठेवल्यासारखं करून म्हणायचा, "घे. पैला हुरडा." सगळे हसायचे. तेलंग्यांनाही ते पाठ झालं होतं. हे सांगताना आबा इतके हसले की त्यांना ठसका लागला, आणि पाणी पिऊन झाल्यावर ते त्या दिवशी पुढे काही बोलले नाहीत.

दुसऱ्या दिवशी बोलले. वहीत जसं आहे तसं देतो.

"दगडूला ताप आल्ता. उठत नव्हता. जो उठत न्हाई त्याचा भात सोबत्याच्या हाती द्यायचे. मी दोघांचा आनायचो. तीन दिस त्याला भरवला. चवथ्या दिशी दुपारच्याला भात घिऊन आलो, तर त्यो डोळे मिटून हुरड्याचं बोलून राह्यला. आगटी पेटवा म्हने. गूळ काढा म्हने. अन् म्या त्याच्याजवळ बसून त्याचा भात खाल्ला. त्यानं मागितला न्हाई. म्या दिला न्हाई. दिस मावळायच्या आत त्यो गेला."

मी लिहिणं थांबवलं होतं. आबांनी वहीवर बोट ठेवलं.

"ल्ह्या ना. भात ग्वाड लागला, गुरुजी. हे ल्ह्या. ग्वाड लागला."

मग त्यांनी बंडीच्या खिशातून एक सुतळी काढली. काळी पडलेली, गाठीच गाठी. कैदेत दर अवसेला मारलेली एक गाठ. "तिथी बराबर ल्ह्या. पौष वद्य पंचमी. मधी एक धोंड्याचा महिना आल्ता, त्यो एका तेलंगी सोबत्यानं सांगितला, त्यो पन धरला हाय. पुनव हून पाच दिस. बिलकुल बराबर हाय." आणि मग त्यांनी मला हे सगळं कशासाठी सांगितलं ते सांगितलं. सरकारी कागदावर दगडू बेपत्ता होता. पुढे निजामच राहिला नाही, कागदाचं विचारायचं कुणाला? मंठ्याच्या बाजारातून आलेल्या माणसाकडून आबांना कळलं होतं की गयाबाई अजून कुंकू लावते. घरातल्या गेलेल्या माणसासाठी दरवर्षी त्याच्या तिथीला, आणि परत पितृपक्षात, पान वाढतात. आमच्याकडे त्याला पत्तर घालणं म्हणतात. दगडूचं पत्तर कुणी घालत नव्हतं, कारण तो गेला हेच कुणाला माहीत नव्हतं. माहीत असणारा एकच माणूस भोकरदनच्या बाजूला आगटीपाशी बसलेला होता.

"मग तुम्हीच का नाही गेलात, आबा?"

"गेल्तो. तीन बार मंठ्याच्या स्टँडवर उतरलो. च्या पिलो, अन् आल्या गाडीनं वापस आलो. तिच्या घरी बसायचं कसं, गुरुजी? ती जेवाया वाढंल ना." थोड्या वेळाने म्हणाले, "तुमचं लिव्हलेलं तुम्ही जाऊन वाचून दावा. माझं नाव झाकू नका."

मी म्हणालो, "अंक निघू द्या, आबा. मी स्वतः जातो." शपथ घ्यायची वेळ आली असती तर तीही घेतली असती, इतकं मला भरून आलं होतं.

आणि पुढच्या रविवारी सकाळी, अंगणात उन्हाला टेबल ओढून, मी लाल शाईचं पेन घेऊन बसलो. मास्तराची जात! समोर लिहिलेला कागद आला की हात लाल पेनाकडे जातो. अकरा गोळ्यांचे मी टिपलेले शत्रू केले. 'बरं झालं, आता बसायला मिळेल' ह्यावर काट मारून 'दारूगोळा संपेपर्यंत झुंज दिली' असं लिहिलं. एका पहारेकऱ्याची बंदूक आबांकडून हिसकावून घेतली. हात सैल सुटला होता. 'ग्वाड लागला' ह्या दोन शब्दांवर मी इतक्या जोरात काट मारली की कागद फाटला. दगडूचं काय करावं सुचेना. आधी लिहिलं, लिंबाजीने आपल्या वाटणीचा भात मरणाऱ्या मित्राला भरवला. वाचून पाहिलं. एवढं खोटं नको, असं मला वाटलं. खरंच वाटलं. म्हणून मी दगडूलाच काढून टाकलं, तिथीसकट, आणि आपण फार प्रामाणिक आहोत असं वाटून चहा प्यायलो.

आबांची अब्रू राखली, असं मी नंतर वर्षानुवर्षं स्वतःला सांगत आलो. ते खरं नाही. मला टाळ्या हव्या होत्या. खोटं लिहिल्याची लाज वाटतेच, पण ते लिहिताना मला मजा आली ह्याची जास्त वाटते.

टाळ्या मिळाल्या. सव्वीस जानेवारीला मीच लेख वाचला. आवाज मी असा लावला होता की बंदूक हिसकावण्याच्या जागी मागच्या बायकाही गप्प झाल्या. पाहुण्यांनी आबांना शाल-श्रीफळ दिलं. आबा लोखंडी खुर्चीवर नारळ मांडीत धरून बसले होते, प्रत्येक वाक्य कान देऊन ऐकत होते, आणि त्यांची नजर माझ्यावरून हलत नव्हती. मला तो कौतुकाचा भाग वाटला. कार्यक्रम संपल्यावर मंडपामागे त्यांनी मला गाठलं.

"गुरुजी, दगडू कुठं हाय ह्याच्यात?"

मी म्हणालो, "तो दुसऱ्या भागात आहे, आबा. पुढच्या वर्षीच्या अंकात."

"बरं," ते म्हणाले. "अन् मंठ्याला?"

"जाणार आहे ना."

"बरं."

हुरड्याचे दिवस मोजून पंधरा-वीस. आधी गेलं तर दाण्यात नुसतं पाणी, उशीर झाला की दाणा टणक होतो आणि मग ती ज्वारी, भाकरीची. हे मला शेतकऱ्याच्या घरात जन्मून ठाऊक होतं. काही गोष्टी सांगण्याचेही दिवस असेच थोडे असतात, हे मात्र ठाऊक नव्हतं. त्यानंतर पोरं आबांना रस्त्यात अडवून म्हणायची, "आबा, बंदूक कशी हिसकावली ते सांगा ना." आबा आधी नुसते बघायचे. मग पारावर यायचे बंद झाले. दर सव्वीस जानेवारीला त्यांना खुर्चीवर आणून बसवायचे, हार घालायचे. आता त्यांनी खरं सांगितलं असतं तरी गावाने म्हटलं असतं, म्हातारा भ्रमिष्ट झाला. त्यांची गोष्ट त्यांच्या हातात राहिलीच नव्हती.

पुढच्या पौषात त्यांनी धडप्यात बांधून कणसं पाठवली. निरोप काही नाही. त्याच्या पुढच्या पौषातही पाठवली. कशासाठी ते मला समजत होतं. मी कणसं भाजून खाल्ली. तिसऱ्या वर्षी माझी जालन्याला बदली झाली, आणि सामान बांधताना काय वाटलं असेल तर सुटलो असं वाटलं. दोनेक वर्षांनी, पौषातच, जालन्याच्या स्टँडवर त्या गावचा एक जुना विद्यार्थी भेटला. "फौजी आबा गेले, सर. लई मोठी अंत्ययात्रा. तुमचा लेख वाचला तिथं." मी कुठल्या तोंडाने तिथे उभा होतो ठाऊक नाही. बस लागली म्हणून तो पळाला. त्या पौषापासून मी हुरडा खाल्लेला नाही.

नंतर मी शिपायांनी लिहिलेलं खूप वाचलं. आवड म्हणून नाही, खाज म्हणून. ह्या देशातले, त्या देशातले, शंभर-दोनशे वर्षांपूर्वीचे. रोजनिश्या, घरी पाठवलेली पत्रं, कैदेतून सुटलेल्यांनी म्हातारपणी कुणाला तरी सांगितलेलं. सेनापती नद्या आणि डोंगर लिहितो, शिपाई बूट लिहितो, उवा लिहितो, मीठ लिहितो. आबांसारखंच सगळं. आणि अशा पुष्कळ पुस्तकांत एक जागा येते. एखाद्या सोबत्याचं नाव येतं, दोन-चार पानं तो हसतो, खोड्या काढतो आणि मग एकदम दिसेनासा होतो. बाकीचे म्हणतील, लढाईत माणसं जायचीच. मला मात्र तिथे कुणाचा तरी चहा आणि लाल पेन दिसतं. मी पुस्तक मिटवतो.

गेल्या आठवड्यात त्या शाळेच्या माजी विद्यार्थ्यांच्या ग्रुपवर कुणीतरी जुन्या हस्तलिखिताच्या पानांचे फोटो टाकले. 'आपल्या गावचा वीर.' खाली अंगठे, हात जोडलेले, तिरंगे. 'सर, काय भाषा आहे!' 'सर, असं अक्षर आता दिसत नाही.' पानं ह्या ग्रुपवरून त्या ग्रुपवर फिरत राहिली. तिसऱ्या दिवशी दुपारी अनोळखी नंबरावरून निरोप आला. 'नमस्कार सर. मी पूजा. माझे पणजोबा दगडू ह्याच पलटणीत होते. आमचं गाव मंठ्याजवळ. घरी फक्त बेपत्ता असा कागद आहे. लिंबाजी आजोबांनी कधी त्यांचं नाव घेतलं होतं का?'

मी लिहिलं, 'आठवत नाही.' पाठवलंसुद्धा. सदुसष्टाव्या वर्षी, घरात कुणी नसताना, कुणाच्या टाळ्या मिळणार नसताना. फोन उपडा ठेवून मी जेवायला बसलो, आणि ताट समोर आल्यावर लक्षात आलं की मी भिंतीकडे तोंड करून बसलोय. उठलो. माळ्यावरून ट्रंक काढली. हस्तलिखितासाठी मी खाडाखोड केली ती वेगळ्या कागदांवर उतरवून घेऊन. निळ्या शाईची मूळ वही तशीच होती, काजळीसकट. पूजाला लिहिलं, 'आठवतं. सगळं लिहून ठेवलेलं आहे. मी येतो.'

काल जालन्याहून एसटीने मंठ्याला गेलो. स्टँडवर उतरलो. पूजा यायला अवकाश होता म्हणून चहा घेतला. समोर जालन्याची गाडी लागलेली, कंडक्टर घंटी मारायच्या बेतात. मी पेला हातात धरून त्या गाडीकडे बघत होतो. ह्याच स्टँडवर एक माणूस तीनदा असाच बसला होता. गाडी गेली तेव्हा पेल्यातला चहा थंडगार झाला होता. मग पूजा स्कूटी घेऊन आली.

दगडूचा मुलगा नामदेवराव आता ऐंशी ओलांडलेला. बापाने त्याला पाहिलं नाही, त्याने बापाला. घरामागच्या वावरात बाजेवर बसला होता, शेजारी आगटी धुमसत होती, सून कणसं भाजत होती. "वाचा," तो म्हणाला आणि कानामागे तळहात धरून बसला. मी आबांच्या बोलीत, एक शब्दही न बदलता वाचलं. चाळीस वर्षं उशिरा का होईना, मला तसं वाचता येत होतं. रिकाम्या हातांचा हुरडा आला तेव्हा सून राखेत काडी फिरवता फिरवता थांबली. चौथ्या दिवसाचा भात वाचला. 'ग्वाड लागला' हेही वाचलं.

नामदेवरावांनी कानामागचा हात खाली घेतला. मग म्हणाले, "तिथी परत वाचा."

"पौष वद्य पंचमी."

त्यांनी बोटांची पेरं मोजली. "आज तीज. म्हंजी परवा." मग आगटीकडे बघत बोलायला लागले. "बारा वर्सं झाली तव्हा लोक म्हन्ले, दर्भाचा पुतळा करून क्रिया उरकून टाका. माय म्हन्ली, कुनी डोळ्यानं पाह्यलं का? पाह्यलेला मानूस आना, मंग पुसते कुंकू. मरस्तोवर लावलं तिनं. हिरवं लुगडं नेसवून, ओटी भरून नेली आमी तिला. तिचं पत्तर आहेव नवमीला घालून राह्यलो, आज तीस वर्सं झाली."

आहेव नवमी म्हणजे पितृपक्षातली ती तिथी, जी नवऱ्याच्या आधी, सवाष्ण गेलेल्या बायकांची असते. तीस वर्षं त्या घराने दरवर्षी एका सवाष्णीला जेवू घालून, तिची ओटी भरून, गयाबाईंचं करायचं ते चुकीच्या दिवशी केलं होतं. आणि दगडूसाठी एकदाही पान वाढलं गेलं नव्हतं. कुणी म्हणेल, बरंच झालं, बिचारी आशेवर जगली. मलाही तसं म्हणून बघावंसं वाटलं. पण तिने काय मागितलं होतं? पाहिलेला माणूस. तो होता, त्याने सांगितलं होतं, आणि ते माझ्या ट्रंकेत होतं.

"ही वही कव्हाची?" नामदेवरावांनी विचारलं.

"चाळीस वर्षांपूर्वीची."

"म्हंजी माय व्हती."

"होत्या. त्यानंतर अकरा वर्षं होत्या." आणि मी त्यांना सगळं सांगितलं. लाल पेन, टाळ्या, दुसरा भाग, सगळं. पूजा खाली मान घालून मातीत रेघा ओढत होती. मला आबांचं ओझं आधी उतरवावंसं वाटलं, म्हणून हात जोडून म्हणालो, "आबांना माफ करा. शेवटपर्यंत त्यांना त्या भाताचं..."

"त्याला काहून माफ करू?" म्हातारा एकदम तडकला. "तीन दिस भरवला न्हवं त्यानं माझ्या बापाला? चवथ्या दिशी भुकेनं खाल्लं. खाल्लं ते बी सांगून गेला. त्यो भुकेला व्हता." मग त्यांनी माझ्याकडे नीट बघितलं. त्या नजरेत राग नव्हता, खरंच न समजल्याचा भाव होता. "तुम्हाला काय झाल्तं, गुरुजी?"

मी वही मिटून मांडीवर ठेवली.

सुनेने कणीस काढून दिलं. नामदेवरावांनी ते आपल्या तळहातांत चोळलं, फुंकर मारली. "दर साली पैला हुरडा माय बाजूला काढायची. त्यांना आवडतो म्हनायची. सांजंला मंग आल्या-गेल्याला द्यायची. आमी अजून तसंच करतो." त्यांनी माझा हात ओढून उघडला आणि दाणे त्यावर ठेवले. "घ्या. पैला हुरडा. परवा पत्तर हाय, जेवाया या."

शुगर आहे, असं म्हणता आलं असतं. सगळे माझ्याकडे बघत होते. भिंत कुठे नव्हती. मी दाणे तोंडात टाकले. ते गोड लागले.